इंदूरचे खत : मातीच्या एका संस्थेची गोष्ट

(मंडळाच्या गणेशोत्सव व्याख्यानमालेत आम्ही उभयतांनी मिळून केलेल्या भाषणाचा मजकूर)



गणपतीसमोर बोलायला मंडळाने आम्हाला बोलावले, याबद्दल आभार. आम्हा दोघांपैकी एकाची नोकरी शेतकी खात्यात झाली, दुसरीची रसायनशास्त्र शिकवण्यात. त्यामुळे घरात जेवणाच्या ताटावरही माती, नत्र, खत असलेच विषय निघतात. आज तोच विषय आपल्यापुढे मांडतो. बाप्पाची मूर्ती मातीची, तेव्हा त्याच्यासमोर मातीवर बोलणे काही वावगे होणार नाही.

गोष्ट इंदूरची आहे. ग्वाल्हेरच्या व्यासपीठावरून इंदूरची स्तुती ऐकून काहींच्या भुवया वर जातील. शिंदे-होळकरांचे जुने वैर आता कुणी मनात ठेवत नाही, पण इंदूरकर भेटला की कोपरखळी मारल्याशिवाय आपल्याला राहवतही नाही. तरी ही गोष्ट आपलीही आहे. पूर्वीच्या ग्वाल्हेर संस्थानात उज्जैन, मंदसौर, शाजापूर हे सगळे येत असे. माळव्याच्या काळ्या मातीचा मोठा तुकडा शिंदे सरकारच्याच ताब्यात होता. आपल्यापैकी कितीतरी घरांची जुनी इनामे, वतने तिकडेच होती. त्या काळ्या मातीवर काम करण्यासाठी 1924 साली इंदूरला एक संस्था उभी राहिली. नाव होते इन्स्टिट्यूट ऑफ प्लांट इंडस्ट्री. आज ते नाव इंदूरलाही फारसे कुणाला आठवत नाही. पण त्या संस्थेत तयार झालेल्या खताच्या कृतीला जगभर ‘इंदूर पद्धत’ म्हणतात.

आधी थोडे मागे जाऊ. इंग्रज सरकारला आपल्या शेतीची काळजी वाटू लागली ती दुष्काळांमुळे. 1876 ते 78 च्या मोठ्या दुष्काळात दक्षिणेत आणि दख्खनमध्ये लाखो माणसे गेली. त्यानंतर दुष्काळ आयोग नेमला गेला आणि 1880 साली त्याने शेतकी खाती काढायला सांगितले. 1889 साली डॉ. व्होल्कर नावाचे रसायनशास्त्रज्ञ विलायतेहून आले, देशभर फिरले, आणि 1893 साली त्यांचा अहवाल छापला गेला. हिंदुस्थानी शेतकऱ्याला शिकवायला म्हणून आलेल्या या माणसाने लिहिले की चांगला हिंदुस्थानी शेतकरी सरासरी इंग्रज शेतकऱ्यापेक्षा कमी नाही, काही बाबतींत सरसच आहे. अडचण अज्ञानाची नाही, साधनांची आहे. जळणाला लाकूड नाही म्हणून शेण चुलीत जाते आणि शेत उपाशी राहते, हेही त्यांनी लिहून ठेवले. जळणासाठी झाडे लावा, म्हणजे शेण शेताला मिळेल, असा उपाय त्यांनी सुचवला.

पुढे 1905 साली बिहारमध्ये पुसा येथे मध्यवर्ती शेतकी संशोधन संस्था निघाली. हेन्री फिप्स या अमेरिकन गृहस्थाने दिलेल्या 30 हजार पौंडांच्या देणगीचा मोठा भाग तिच्यावर खर्च झाला. 1934 च्या भूकंपात तिची इमारत पडली आणि 1936 मध्ये ती दिल्लीला आली. दिल्लीत आज आपण ‘पुसा’ म्हणतो ते हेच. या पुसाला पहिल्याच वर्षी एक इंग्रज वनस्पतिशास्त्रज्ञ रुजू झाला. त्याचे नाव आल्बर्ट हॉवर्ड.

हॉवर्ड शेतकऱ्याच्या घरी वाढलेले. त्यांच्या पत्नी गॅब्रिएल या केंब्रिजला शिकलेल्या शास्त्रज्ञ. लग्नानंतर दोघांनी बरोबर काम केले. 1913 मध्ये गॅब्रिएलबाईंना स्वतंत्र सरकारी पदही मिळाले. बाईमाणसाला असे पद मिळणे त्या काळी फार दुर्मीळ होते. ‘पुसा 4’, ‘पुसा 12’ हे गाजलेले गहू या दोघांच्या हातचे. गहू उत्तम निघाला, नाव झाले, आणि तरीही हॉवर्ड दांपत्याला एक गोष्ट खटकत होती. पुसाला बियाण्याचा विभाग वेगळा, किडीचा वेगळा, बुरशीचा वेगळा, रसायनाचा वेगळा. शेतकऱ्याच्या बांधावर मात या सगळ्या गोष्टी एकाच वेळी एकाच रोपावर येतात. रोपटे कुणाचे, हे विचारायला गेले तर प्रत्येक विभाग दुसऱ्याकडे बोट दाखवणार. नवे बियाणे दिले तरी जमीनच थकलेली असेल तर ते बियाणे करणार काय, हा त्यांचा प्रश्न होता.

आम्ही दोघे इतकी वर्षे सरकारी नोकरीत राहिलो, त्यामुळे ही विभागांची कथा वाचताना आम्हाला हसूही आले आणि थोडे वाईटही वाटले. शंभर वर्षांत फाइलींचा रंग बदलला एवढेच.

पुसात आपल्या मनासारखे होणार नाही हे पाहून हॉवर्ड यांनी वेगळी संस्था काढायचे ठरवले. पैसा दोन ठिकाणांहून आला. इंडियन सेंट्रल कॉटन कमिटीने अनुदान दिले. ही कमिटी कापसाच्या गाठींवर बसवलेल्या पट्टीतून चालत असे. बाकीचा वाटा मध्य भारतातल्या संस्थानांनी उचलला. होळकर दरबारने इंदूरला 300 एकर जमीन दिली. तुकोजीराव होळकर तिसरे तेव्हा गादीवर होते. इथे एक गोष्ट झाकून ठेवू नये. कमिटीला आस्था होती ती कापसाची, म्हणजे शेवटी गिरण्यांची. माळव्याच्या कुणब्याचे भले व्हावे म्हणून कुणी थैली सोडली नव्हती. हॉवर्ड यांचे म्हणणे असे की कापूस एकटा सुधारता येत नाही. जमीन, पाणी, बैल, मजूर, फेरपालटाची पिके या सर्वांसह तो सुधारतो. पैसा देणाऱ्यांना हे पटवून त्यांनी संस्था शेताभोवती उभी केली, प्रयोगशाळेभोवती नव्हे.

आता ती काळी माती. ज्यांची शेती माळव्यात किंवा विदर्भात आहे त्यांना सांगायला नको. उन्हाळ्यात हात जाईल एवढ्या भेगा पडतात आणि पावसाळ्यात तीच माती फुगून चिखल होते. पाय ठेवला की चप्पल तिथेच राहते. भेगा मिटल्या की आत हवा जात नाही, मुळे गुदमरतात. पाणी साचले तर नत्र उडून जाते, पाणी पळाले तर वरची चांगली माती घेऊन पळते. म्हणजे एकाच हंगामात जमीन बुडते आणि वाहूनही जाते. संस्थेने पहिली काही वर्षे याच कामात घातली. शेते उताराप्रमाणे पाडली, बांध घातले, जादा पाणी सावकाश बाहेर जावे म्हणून चर काढले. खत नंतर, आधी पाणी, असा क्रम होता. आपल्या भिंड-मुरैन्याकडे चंबळेच्या घळींनी किती जमीन खाल्ली आहे हे आपण रेल्वेच्या खिडकीतून पाहतोच. बांध वेळेवर घातला नाही की मातीचे काय होते, त्याचे उत्तर तिथे उघड्यावर पडले आहे.

मग खताचा प्रश्न आला. शेण निम्मे-शिम्मे गोवऱ्यांत जाते. विलायती रासायनिक खत त्या काळी गरीब शेतकऱ्याच्या आवाक्याबाहेर होते. मग शेतात उरते काय? पऱ्हाट्या, तण, पाचोळा, उसाची चिपाडे, गोठ्यातला उष्टा कडबा. यांतून चांगले खत करता येईल का? चीनमधले शेतकरी हजारो वर्षे काडीकचऱ्याचे खत करून जमिनी टिकवत आले, हे अमेरिकन शास्त्रज्ञ किंग यांच्या 1911 च्या पुस्तकात हॉवर्ड यांनी वाचले होते. आपल्याकडचा उकिरडाही त्यांच्या डोळ्यांसमोर होता. आपल्याकडे म्हण आहे, उकिरड्याची दैना बारा वर्षांनी फिटते. इंदूरला ती तीन महिन्यांत फिटली.

इथे या गोष्टीतले आमच्या दृष्टीने सगळ्यात महत्त्वाचे नाव येते, यशवंत वाड. संस्थेत रसायनशास्त्राचे काम वाड पाहत. ढिगात कोणता माल किती घालावा, ओल किती ठेवावी, कितव्या दिवशी उलथावे, नत्र कुठे कमी होते आणि कुठे वाढते, हे रोज मोजून ठरवण्याचे काम रसायनशास्त्रज्ञाचे. 1931 साली ऑक्सफर्डने या पद्धतीचे पुस्तक छापले. शेतातल्या टाकाऊ मालापासून ह्यूमस, म्हणजे मुरलेले सेंद्रिय खत कसे करावे, हा त्याचा विषय. त्याच्या मुखपृष्ठावर दोन लेखकांची नावे आहेत, आल्बर्ट हॉवर्ड आणि यशवंत वाड. जगाने पहिले नाव लक्षात ठेवले. हॉवर्ड यांना 1934 मध्ये ‘सर’ ही पदवी मिळाली, त्यांच्यावर ग्रंथ लिहिले गेले, परदेशात सेंद्रिय शेतीचे पितामह म्हणून त्यांचे नाव घेतात. वाड यांचे नाव तळटिपेत राहिले. हॉवर्ड यांनी नाव लपवले असे मुळीच नाही, त्यांनी ते शेजारी छापले. ते विसरलो आपण. वाड हे आडनाव इथे बसलेल्यांना परके नाही. तेव्हा निदान आपल्या स्मरणिकेत तरी ते ठळक छापले जावे, ही आमची विनंती संपादक मंडळाला आहे.

आता कृती सांगतो. भगिनीवर्गाला पाककृतीसारखी वाटेल, आणि ती तशीच आहे.

खड्डा 30 फूट लांब, 14 फूट रुंद आणि 2 फूट खोल, बाजू उतरत्या. सुका आणि हिरवा काडीकचरा मिसळून घ्यायचा, एकाच जातीचा नको. पऱ्हाट्यांसारखा टणक माल गाडीवाटेवर पसरून ठेवायचा, येणाऱ्या-जाणाऱ्या गाड्यांच्या चाकांखाली तो आपोआप चिरडतो. यंत्र नको, खर्च नको. तोच माल गोठ्यात बैलांखाली अंथरायचा, म्हणजे गोमूत्र त्यात मुरते. गोठ्यातली मुताने भिजलेली माती खरवडून घ्यायची, तिच्यात चुलीची राख मिसळायची. शेण पाण्यात कालवून पातळ करायचे. मग थर द्यायचे : काडीकचरा, त्यावर माती-राख, त्यावर शेणकाला, पुन्हा काडीकचरा. काडीकचरा तीन भाग असेल तर जनावरांचे अंग एक भाग. पाणी शिंपडायचे, पण दाबायचे नाही, कारण ढिगाला श्वास लागतो. सुमारे पंधरा दिवसांनी उलथायचे, महिन्याने पुन्हा, दोन महिन्यांनी पुन्हा. तीन महिन्यांनी खत तयार. पावसाळ्यात खड्ड्यात पाणी भरते, म्हणून ढीग जमिनीवरच रचायचा.

यामागचे शास्त्र दोन वाक्यांत सांगता येते. काडीकचऱ्यात कर्ब फार, नत्र थोडे. कुजवणारे सूक्ष्म जीव कर्ब खातात, पण त्यांना स्वतःच्या वाढीला नत्र लागते. कच्चा पालापाचोळा शेतात गाडला तर ते हे नत्र जमिनीतूनच ओढतात आणि पीक पिवळे पडते. म्हणून त्यांचे जेवण शेताबाहेर, ढिगात उरकून घ्यायचे. सुरुवातीला साधारण 33 भाग कर्बाला एक भाग नत्र असे प्रमाण असले तर काम नीट चालते, आणि खत मुरेपर्यंत ते दहास एकच्या आसपास येते. ढीग आतून इतका तापतो की हात घालवत नाही. पहिल्या दिवसांत 65 अंशांपर्यंत उष्णता जाते. तणाचे बी, माशांच्या अळ्या त्यातच मरतात.

संस्थेत 40 बैल होते. त्यांच्या शेणामुतावर आणि शेतातल्या कचऱ्यावर वर्षाला सुमारे एक हजार गाड्या खत निघे, म्हणजे बैलजोडीमागे 50 गाड्या. बांधबंदिस्ती, मशागत आणि खत यांचा मिळून परिणाम असा की आसपासच्या शेतकऱ्यांना एकरी 200 पौंडांच्या घरात कापूस मिळत असताना संस्थेच्या सुधारलेल्या शेतांत 1929 साली सरासरी 500 पौंडांच्या वर गेला. मजुरांच्या बाबतीतही ही संस्था वेगळी होती. कामाचे तास कमी, पगार ठरल्या दिवशी, औषधपाण्याची सोय. थकलेल्या माणसाकडून आणि थकलेल्या जमिनीकडून सारखेच पीक येते, हे तिथे ओळखले होते.

1930 च्या ऑगस्टमध्ये गॅब्रिएलबाई वारल्या. पुढच्या वर्षी हॉवर्ड निवृत्त होऊन मायदेशी गेले. संस्था मात्र थांबली नाही. नवे संचालक जॅक्सन आणि वाड यांनी मिळून ही पद्धत शहराकडे वळवली. मैला आणि शहरातला कचरा एकत्र कुजवून निर्धोक खत कसे करावे, यावर त्यांनी 1934 साली लिहिले. माशा होऊ नयेत, दुर्गंधी येऊ नये, रोगजंतू मरावेत, या सर्वांचा विचार त्यात होता. मैला डोक्यावरून वाहणाऱ्या माणसांचा प्रश्नही त्याच्याशी जोडलेला होता हे सांगायला नको. 1935 च्या एप्रिलमध्ये हिंदी साहित्य संमेलनाचे अध्यक्ष म्हणून गांधीजी इंदूरला आले, तेव्हा ते ही संस्था पाहायला गेले. पुढे ‘हरिजन’मधून त्यांनी खेड्यांसाठी या खताचा पुरस्कार केला.

हॉवर्ड यांनी 1940 साली पुस्तक लिहून ही सगळी मांडणी जगापुढे ठेवली. त्यातून स्फूर्ती घेऊन इंग्लंडमध्ये 1946 साली ‘सॉइल असोसिएशन’ निघाली, अमेरिकेत रोडेल यांनी सेंद्रिय शेतीचे मासिक काढले. आमच्या नातवंडांच्या परदेशातल्या घरामागे प्लास्टिकचा कंपोस्टचा डबा असतो. त्याची कुळकथा माळव्याच्या गोठ्यापर्यंत येते, हे त्यांना सांगितले तेव्हा त्यांनी आमच्याकडे जरा संशयानेच पाहिले.

आता दुसरी बाजू. भक्तिभावाने इतिहास सांगितला की तो पोथी होतो. हॉवर्ड यांनी पुढे असा दावा केला की अशा खतावर वाढलेला चारा खाणाऱ्या बैलांना लाळ्या-खुरकूतही होत नाही. त्यांनी तसे पाहिले असेल, पण तो नियंत्रित प्रयोग नव्हता, आणि अनेक शास्त्रज्ञांना तो तेव्हाही पटला नाही. दुसरे असे की पद्धत इतकी चांगली होती तर आसपासच्या गावांनी ती सरसकट का उचलली नाही? कारण शेताजवळ पाणी लागते, तीन वेळा उलथायला माणसे लागतात, आणि चुलीला दुसरे जळण लागते. ज्याच्याकडे एकच बैल, त्याच्याकडे ना तेवढे शेण, ना तेवढा वेळ. व्होल्कर यांनी 1893 साली जे लिहिले होते तेच कोडे पुन्हा समोर आले. पन्नाशी-साठीनंतर युरियाचे पोते मिळू लागले. पोते उचलणे सोपे, ढीग उलथणे कष्टाचे. त्या काळात धान्याची निकड होती, म्हणून त्या पोत्याला आम्ही नावे ठेवत नाही. नोकरीत असताना ती पोती वाटण्याचे कामही आमच्याच खात्याने केले. पण नुसत्या पोत्यावर जमीन किती वर्षे चालते, याचा हिशेब आता शेतकरी स्वतःच मांडू लागले आहेत. यवतमाळ जिल्ह्यातल्या पुसदच्या पांढरीपांडे यांनी, ज्यांना सगळे नाडेपकाका म्हणतात, विटांच्या जाळीदार टाक्याची सोपी पद्धत काढली. 10 फूट लांब, 6 फूट रुंद, 3 फूट उंच. त्यात उलथण्याचे कष्ट नाहीत आणि शेणही थोडे लागते. इंदूरला अडलेली गोष्ट एका मराठी माणसाने पुढे नेली ती अशी.

आणि त्या 300 एकरांचे काय झाले? संस्थाने विलीन झाली, मध्य भारत झाला, मग मध्य प्रदेश. 1959 साली त्याच जागेवर इंदूरचे कृषी महाविद्यालय सुरू झाले. 2008 मध्ये आपल्या ग्वाल्हेरला राजमाता विजयाराजे सिंधिया कृषी विश्वविद्यालय स्थापन झाले आणि इंदूरचे ते महाविद्यालय त्याच्या अखत्यारीत आले. म्हणजे हॉवर्ड आणि वाड यांच्या शेताचा कारभार आज ग्वाल्हेरहून चालतो! सुरुवातीला ही गोष्ट आपलीही आहे असे म्हटले, ते यासाठीसुद्धा. शहर वाढत वाढत त्या शेताच्या चारी बाजूंनी आले आहे. 2022 साली ती जमीन दुसऱ्या कामासाठी घेण्याची हालचाल झाली, तेव्हा तिथले विद्यार्थी रस्त्यावर उतरले. शहराला जागा हवी असते हे आम्हाला समजते. पण प्रयोगाचे शेत दुसरीकडे उचलून नेता येत नाही. इमारत नवी बांधता येते, शंभर वर्षे नोंद ठेवलेली माती नवी बांधता येत नाही. आपल्यापैकी काहींची मुले, सुना, जावई याच विश्वविद्यालयात शिकतात, शिकवतात. त्यांनी ही गोष्ट आपल्या वर्गात सांगावी, एवढे तरी होऊ शकेल.

इंदूर आज ओला कचरा वेगळा करून दिवसाला 550 टनांपर्यंत वायू आणि खताकडे वळवू शकते. आपल्याकडे डबरा-भितरवारच्या धानपट्ट्यात कापणीनंतर शेते पेटतात आणि दिवाळीच्या सुमारास लश्करात धूर येतो. शिशिरात आपल्या कॉलन्यांत झाडलेली पाने कोपऱ्यात जाळली जातात. पऱ्हाट्यांचे खत करणाऱ्या माळव्याचे आपण वारस, आणि वर्षभराची काडी एका काडीने संपवतो.

म्हणून नुसते भाषण करून खाली बसण्याऐवजी एक प्रस्ताव ठेवतो. दहा दिवसांत या मंडपात दुर्वा, फुले, पत्री, केळीची पाने, नारळाच्या शेंड्या किती जमतात हे आपण पाहतो. विसर्जनाच्या दिवशी त्यातले बरेचसे मूर्तीबरोबर पाण्यात जाते. यंदा ते मंडळाच्या आवारात मागच्या बाजूला जमवावे. नारळाच्या शेंड्या, प्लास्टिक, जर, थर्माकोल बाजूला काढावे. गोशाळेतून शेण मिळेल, राखही मिळेल. ढीग जमिनीवरच रचू, कारण भाद्रपदात पाऊस आहे. पंधरा दिवसांनी, महिन्याने आणि दोन महिन्यांनी उलथायला चार तरुण हवेत. तरुण न मिळाल्यास आम्ही दोघे येऊ, पण मग दुसऱ्या दिवशी आमच्या कमरेला शेक देण्याची जबाबदारी मंडळाची. मार्गशीर्षात खत तयार होईल. ज्यांना घरच्या तुळशीला हवे त्यांनी डबा घेऊन यावे. देवाला वाहिलेले फूल तुळशीच्या मुळाशी गेले तर त्यात निर्माल्याचा अवमान नाही, असे आम्हाला वाटते. ज्यांना तसे वाटत नसेल त्यांनी आपले निर्माल्य वेगळे ठेवावे, कुणावर सक्ती नाही.

त्या ढिगावर एक छोटी पाटी लावावी आणि तीवर लिहावे : इंदूर पद्धत, 1931, हॉवर्ड आणि वाड. दोन्ही नावे सारख्याच आकाराच्या अक्षरांत.

 गणपती बाप्पा मोरया!